तिसऱ्या नंबरची वायर

म्हाताऱ्या माणसाचा पाय कामातून गेला हे ठरवायला घरातल्यांना किती वेळ लागतो? समोरचा चहा निवायला लागतो त्याहून कमी. या घरात तर चहा यायच्या आधीच निकाल लागला, आणि निकाल देणारा होता खुद्द धाकटा.

त्याला सगळे धाकटाच म्हणायचे. कानाजवळ केस पांढरे झाले, स्वतःचं गॅरेज झालं, तरी धाकटाच. थोरला विम्याच्या ऑफिसात. वडील, म्हणजे आबा, यांनी उभा जन्म कारखान्याची बस चालवली आणि निवृत्त झाल्यावर एक जुनी गाडी घेतली. चार सिलिंडर, कार्बुरेटर, डिस्ट्रिब्युटर, म्हणजे हल्लीच्या पोरांनी नुसती ऐकलेली यंत्रं. घरात वाटणी ठरलेली होती. स्टिअरिंग आबांचं, बॉनेट धाकट्याचं. सकाळी रेडिएटरचं पाणी बघायचं आणि फडकं मारायचं, एवढ्यापुरतेच आबा बॉनेटखाली वाकायचे. बाकी आत काय आहे हे धाकट्याला विचारायचं आणि धाकटा सांगेल ते खरं मानायचं.

तर झालं असं, की आबा सगळ्यांना घेऊन वहिनीच्या बहिणीकडे निघाले होते. गाडीत आई, थोरला, वहिनी आणि त्यांची छोटी. नदीवरच्या पुलाला चढायचा रस्ता चांगलाच उभा आहे. मध्यावर पुढची वाहनं थांबली म्हणून आबा थांबले. पुन्हा उचलायला गेले तर गाडीनं दचके दिले, बंद पडली, मागं सरकली आणि मागच्या टेम्पोच्या नाकावर बसली. मागचा दिवा फुटला. छोटीचं कपाळ पुढच्या सीटवर आपटून टेंगूळ आलं. वहिनी इतकी किंचाळली की टेम्पोवाला भांडायला उतरला होता तोच तिला पाणी द्यायला लागला.

घरी आल्यावर आबा एवढंच म्हणाले, "चढावर एक सिलिंडर मारत नाही रे. मी आठवडाभर सांगतोय."

धाकट्याच्या गॅरेजात त्या दिवशी तीन गाड्या उघड्या पडल्या होत्या. तो तसाच काळ्या हातांनी आला, एकटा गाडीत बसला, सपाट रस्त्यावर एक चक्कर मारली आणि परत येऊन किल्ली टेबलावर टाकली.

"गाडी ठणठणीत आहे."

"अरे, पण चढावर..."

"आबा, मला शिकवू नका. इंजिनाचं माझ्यावर सोडा. क्लच सोडताना पाय थरथरला असेल. वय होतं माणसाचं, त्यात लाज कसली?"

बोलून झालं. मेकॅनिकच बोलला म्हटल्यावर बाकीच्यांना काय राहिलं? थोरल्यानं किल्ली उचलून स्वतःच्या खिशात टाकली. वहिनी म्हणाली, "आबा, राग नका मानू, पण पोरीच्या डोळ्याला लागलं असतं तर?" आईनं आबांकडे न बघता छोटीच्या टेंगळाला हळद लावायला घेतली, आणि ते न बघणं आबांना सगळ्यात जास्त लागलं असणार. आबा उठून आत गेले. जाताना त्यांनी उजव्या हातानं दाराची चौकट धरली. त्याआधी कधी धरली नव्हती.

आता इथं धाकट्याची बाजू सांगायला हवी, कारण तो खोटं बोलला नव्हता. विसरला होता. पण विसरण्याची त्याची तऱ्हा ऐका.

घड्याळवाल्यांची गाडी अगदी आबांच्या गाडीची जुळी बहीण. तेच मॉडेल, तेच इंजिन. घड्याळवाले म्हणजे पेठेच्या तोंडाशी घड्याळं दुरुस्त करणारे, स्वतः कायम दिलेल्या वेळेच्या आधी हजर आणि दुसऱ्याच्या डोक्यावर बसणारे. उन्हाळ्यात त्यांची गाडी आली ती मिसिंग करत. माणसं भरली की खोकल्यासारखं करायची, चढावर जीव टाकायची. असा दोष कुठं आहे हे शोधायची मेकॅनिक लोकांची एक जुनी खोड आहे. मीटर, पुस्तक नंतर. आधी शेजारच्या चालत्या गाडीचा भाग काढायचा आणि आजारी गाडीला लावून बघायचा. बरी झाली तर दोष सापडला. आबांची गाडी त्या दिवशी ऑइल बदलायला गॅरेजात उभीच होती. धाकट्यानं तिच्या प्लगच्या वायरी उपसल्या, घड्याळवाल्यांच्या गाडीला लावल्या. चढावर नेऊन बघितली, तर गाडी सतारीसारखी वाजायला लागली. दोष सापडला, वायरी. छान. आता नवा सेट मागवायचा, तो घड्याळवाल्यांना, आणि आबांच्या वायरी परत आबांना.

तेवढ्यात घड्याळवाले आले. अर्थातच वेळेच्या आधी.

"झाली का? वाहवा, काय आवाज आहे! द्या किल्ली."

"अहो, थांबा, अजून..."

"थांबायला मला वेळ कुठाय? मुलगी स्टेशनावर उभी आहे."

आणि गेले. धाकट्यानं काय केलं? घड्याळवाल्यांच्या जुन्या वायरी पुसल्या, आबांच्या गाडीला लावल्या, इंजिन चालू केलं. उभ्या गाडीत काही कळलं नाही. त्यानं मनाशी म्हटलं, दोन दिवसांत नवा सेट येईल, तेव्हा लावू, घरचीच तर गाडी आहे. नवा सेट आला त्या दिवशी एक डॉक्टरीणबाई घाईत आली, तिला तो लागला. मग पाऊस, मग कामं, मग पुन्हा कामं. दिव्याखाली अंधार म्हणतात तो असा हळूहळू पडतो. घरचीच गाडी, घरचीच माणसं, ती कुठं जातात?

किल्ली थोरल्याच्या खिशात गेली त्यानंतर दोनेक आठवड्यांनी घड्याळवाले ब्रेक लागत नाहीत म्हणून गाडी घेऊन आले. धाकट्यानं सवयीनं बॉनेट वर केलं. ब्रेकच्या ऑइलचा डबा बघायला वाकला आणि तसाच वाकलेला राहिला.

डिस्ट्रिब्युटरमधून निघालेल्या चार वायरींवर गडद गुलाबी ठिपके होते. पहिलीवर एक, दुसरीवर दोन, तिसरीवर तीन, चौथीवर चार. वायरींची अदलाबदल होऊ नये म्हणून हे ठिपके धाकट्यानंच आबांच्या वायरींवर काढले होते, वहिनीची नखं रंगवायची बाटली चोरून. वहिनी तेव्हा घरभर ओरडली होती, "भाऊजी, तुमच्या इंजिनाचं लग्न आहे का?" आबा पोट धरून हसले होते.

"काय झालं?" घड्याळवाले म्हणाले. "साप आहे का आत?"

"नाही," धाकटा म्हणाला. "चांगली चालते ना गाडी?"

"एक नंबर! तुमच्या हाताला गुण आहे हो."

धाकट्यानं ब्रेक कसे केले ते त्याचं त्यालाच ठाऊक. खाई त्याला खवखवे म्हणतात. पण याला तर खाल्ल्याचं आज कळलं, पचून गेल्यावर.

दुपारी त्यानं थोरल्याकडून किल्ली मागून घेतली. "दिवा फुटलाय, तो बसवतो," म्हणाला. गाडी आत घेतली, शटर ओढलं, अंधार केला. इंजिन चालू ठेवून वायरींवर फवारणीच्या बाटलीतून पाण्याचे बारीक तुषार उडवले. एक, काही नाही. दोन, काही नाही. तिसऱ्या वायरीवर पाणी पडलं आणि अंधारात निळा किडा सरपटला. रबराला बारीक चीर गेली होती. करंट प्लगपर्यंत जायच्या ऐवजी वाटेतच लोखंडावर उडी मारत होता. रिकाम्या गाडीत, सपाट रस्त्यावर भागत होतं. पाच माणसं भरून, चढावर, तापलेल्या इंजिनावर जोर आला की तिसरं सिलिंडर मान टाकत होतं. म्हणजे आबा म्हणत होते तेच. शब्द न् शब्द तेच.

त्यानं मीटर लावला. बाकी तिघींचे आकडे एकमेकींच्या आसपास, तिसरीचा आकडा कुठच्या कुठं. मीटर लावायची गरज नव्हती. पण अपराधी माणूस पुरावा पुन्हा पुन्हा बघतो, एखाद्या वेळी बदलेल म्हणून.

मग तो स्पेअर पार्टच्या दुकानात गेला. दुकानदार ओळखीचा, तोंडाळ.

"जुन्या मॉडेलच्या वायरी? ह्या घे, तांब्याच्या. मेल्या म्हशीला पळवतील."

"नको. रेडिओत खरखर येते त्यानं. आबा रेडिओ ऐकतात." बोलताना त्याला आठवलं, आबा गाडीत रेडिओ ऐकायचे. गाडीत बसणं बंद झाल्यापासून नाही.

"मग ह्या कार्बनच्या."

"लांबी बघू. ही चौथीला आखूड पडेल, ताणून बसवली की प्लगवरची टोपी सैल होणार. सिलिकॉनच्या नाहीत?"

"आहेत की. पण त्या कोण लावतं या जुन्या डब्याला? कोणाची गाडी आहे, मंत्र्याची?"

"घरची."

"घरची!" दुकानदार हसला. "घरच्या गाडीला मेकॅनिक चांगला माल लावतो हे आज पहिल्यांदा बघतोय. काय पाप केलंस?"

धाकट्यानं सिलिकॉनचा सेट घेतला. पाप धुवायचं तर साबण भारीतला घ्यावा, अशी माणसाची अक्कल.

त्यानं एकेक करून वायरी बदलल्या. एक काढायची, तिच्याच लांबीची तिच्याच जागी लावायची, टोपी टक् वाजेपर्यंत दाबायची, एक्झॉस्टपासून लांब क्लिपमध्ये अडकवायची. ठिणगी पडायचा क्रम एक-तीन-चार-दोन. पोटापाण्याचं काम, हात आपोआप चालतात. दिवा बसवला, गाडी घरी नेऊन उभी केली. कोणाला काही बोलला नाही. मनाशी म्हणाला, गाडी नीट झाली ना, मग आता बोलून काय करायचं? हळूहळू किल्ली जाईल आबांकडे.

मूर्ख माणूस. चोरून केलेली दुरुस्ती किती महाग पडते ते त्याला दुसऱ्याच दिवशी कळलं.

थोरला गाडी घेऊन ऑफिसात गेला, येताना तीन मित्रांना पुलावरून सोडून आला. घरात शिरला तो फुशारत. "काय लोण्यासारखी चालते गाडी! चौघं होतो, चढावर एक दचका नाही. आबा, खरं सांगतो, गाडीत काहीच नव्हतं."

आबा खुर्चीत बसले होते. धाकटा त्यांच्याकडे बघत होता. आबा आता म्हणतील, असं कसं, आता म्हणतील, माझ्या हातात मिसिंग करत होती. पण आबांनी मान हलवली. "हो," म्हणाले. "पायच गेला माझा. मला उगीच वाटलं सिलिंडर. धाकटा म्हणत होता तेच खरं."

जोवर गाडी बिघडलेली होती तोवर आबांच्या बाजूनं निदान एक साक्षीदार उभा होता. तो साक्षीदार धाकट्यानं आपल्या हातानं, भारीतल्या वायरी घालून, फितूर केला होता.

त्यानंतर आबा जिना उतरताना दोन्ही हातांनी कठडा धरायला लागले. बसल्या जागी डावा पाय फरशीवर दाबून बघायचे, उचलायचे, पुन्हा दाबायचे. आई म्हणायची, "अहो, काय करताय?" तर म्हणायचे, "काही नाही, मुंग्या येतात." मुंग्या येत नव्हत्या. आबा पायाची परीक्षा घेत होते आणि रोज त्याला नापास करत होते.

एका संध्याकाळी त्यांनी धाकट्याला हाक मारली. "एक काठी आणशील का? साधीच. पण उंची बरोबर हवी. माझं माप घे."

"काठी कशाला, आबा? तुम्हाला काय झालंय?"

"होण्याआधी आणावी. चढावर पोरीला लागलं. उद्या जिन्यावर कोणाला घेऊन पडलो म्हणजे?"

धाकट्यानं गॅरेजातली मोजपट्टी आणली. आबा भिंतीला टेकून शाळेतल्या पोरासारखे ताठ उभे राहिले. त्यानं मनगटापासून जमिनीपर्यंत माप घेतलं. जिभेवर होतं सगळं. वायर तिसऱ्या नंबरची होती, आबा, तुमचा पाय नव्हता. आबा म्हणाले, "बरोबर घेतलंस ना माप?" आणि तो म्हणाला, "हो."

इतकंच म्हणाला. लाज एकदा गिळली की दुसऱ्यांदा गिळायला सोपी जाते, हे खोटं आहे. दुसऱ्यांदा ती मोठी झालेली असते.

तो रात्रभर विचार करत राहिला असं सांगितलं तर तुम्हाला वाटेल यानं शहाणपणाचा निर्णय घेतला. यानं शक्कल लढवली. भेकड माणसाला खरं बोलण्यापेक्षा नाटक सोपं वाटतं. त्यानं ठरवलं, घड्याळवाल्यांच्या त्या चिरलेल्या वायरी परत गाडीला लावायच्या. थोरला चालवत असताना, सगळे बसलेले असताना, त्याच पुलावर गाडीनं दचके द्यायला हवेत. म्हणजे सगळ्यांना कळेल, पाय नव्हता, गाडीच होती. मग आपण उतरायचं, बॉनेट उघडायचं, अरे ही बघा वायर म्हणायचं, नवा सेट तिथल्या तिथं लावायचा. आबांची इज्जत परत आणि आपली शाबूत. एका दगडात दोन पक्षी.

आईच्या डोळ्यांची तपासणी ठरली होती, दवाखाना पुलापलीकडे. आदल्या संध्याकाळी त्यानं वायरी बदलल्या, नवा सेट फडक्यात गुंडाळून डिकीत ठेवला. सकाळी म्हणाला, "मी पण येतो."

"तू?" थोरला म्हणाला. "गॅरेजला आग लागली का?"

"आईच्या डोळ्यांसाठी येतोय."

"बघ आई, सूर्य कुठून उगवला."

थोरला स्टिअरिंगवर, शेजारी आबा. मागं आई, वहिनी, धाकटा, आणि धाकट्याच्या मांडीवर छोटी. आबांनी काठी दोन गुडघ्यांच्या मधे उभी धरली होती.

पुलाचा चढ सुरू झाला. मध्यावर वाहनं थांबली, जशी रोजच थांबतात. थोरल्यानं उचलायला घेतली आणि गाडी दचकली. एकदा, दोनदा, मग खाडकन बंद. मागं सरकली. "ब्रेक! ब्रेक!" वहिनी ओरडली. थोरल्यानं ब्रेकवर जवळजवळ उभं राहून गाडी थांबवली. मागच्या ट्रकचं नाक काचेत एवढं मोठं दिसत होतं. छोटी धाकट्याच्या गळ्याला मिठी मारून रडायला लागली. तिच्या छातीची धडधड त्याच्या छातीला लागत होती. आणि तेव्हा कुठं या शहाण्याच्या डोक्यात उजेड पडला, की आपण पोरीला दुसऱ्यांदा या चढावर आणून टांगलं. पहिल्यांदा चुकून. आज मुद्दाम.

सगळे उतरले. थोरल्यानं चाकांमागं दगड लावले, ट्रकवाल्याला हात जोडले. मग कपाळावरचा घाम पुसून म्हणाला, "कमाल आहे. परवापर्यंत चढावर लोण्यासारखी चालत होती. आज काय झालं?"

धाकटा बॉनेटकडे निघाला. हीच त्याची वेळ होती. नाटकातलं वाक्य ओठावर होतं. तेवढ्यात वहिनी म्हणाली, "सकाळी आबांनी बॉनेट उघडलं होतं."

"पाणी बघितलं," आबा म्हणाले. "रोज बघतो."

"रोज बघता, पण रोज असं होत नाही." थोरल्याचा आवाज चढला. भ्यालेला माणूस ओरडतो, तसा. "आबा, खरं सांगा. कशाला हात लावलात? माझ्या हातातही बंद पडावी म्हणून? किल्ली हवी होती तर मागायची! पोरगी होती आत!"

"अरे, काय बोलतोस?" आई म्हणाली.

"मग परवा बरी, आज खराब, मधे हात कोणाचा लागला? सांग ना!"

आबा रस्त्यात उभे होते. मागून हॉर्न वाजत होते. त्यांनी एकदा बॉनेटकडे बघितलं, एकदा स्वतःच्या हातांकडे. "फडकं मारलं होतं," ते हळू म्हणाले. "फडकं मारताना काही ओढलं गेलं असेल का? मी मुद्दाम नाही रे... पण लागला असेल हात. मला हल्ली कळत नाही."

म्हातारा पायानंतर आता हातही द्यायला निघाला होता. कोणी मागावं आणि त्यानं काढून द्यावं.

"आबांनी हात लावला नाही," धाकटा म्हणाला. "मी लावला."

"तू काय लावलास?"

"काल संध्याकाळी खराब वायरी मी घातल्या. मुद्दाम. नव्या डिकीत आहेत." आणि मग एकदा धरण फुटल्यावर थांबतंय कशाला. घड्याळवाले, उन्हाळा, अदलाबदल, डॉक्टरीणबाई, निळी ठिणगी, सगळं ट्रकच्या हॉर्नांच्या वर ओरडून सांगावं लागलं. "त्या दिवशीही तीच वायर होती. तिसऱ्या नंबरची. आबांचा पाय नव्हता. कधीच नव्हता."

थोरल्यानं त्याची कॉलर धरली. वहिनीनं छोटीला त्याच्यापासून ओढून घेतलं, जसं कोणी विस्तवापासून ओढतं. आई नुसती म्हणाली, "अरे देवा."

आबांनी थोरल्याचा हात बाजूला केला. "कळलं कधी तुला?"

"घड्याळवाले ब्रेकसाठी आले तेव्हा. महिना होत आला."

आबा विचार करत होते. हिशेब लागला तसा त्यांचा चेहरा पडत गेला. "म्हणजे काठीचं माप घेतलंस तेव्हा तुला ठाऊक होतं."

"हो."

"मी विचारलं, बरोबर घेतलंस ना. तू हो म्हणालास."

विसरणं समजावून सांगता येतं. हे कसं सांगणार?

"लाव नव्या," आबा म्हणाले.

त्यानं लावल्या. सगळे बघत होते. आयुष्यात हजारदा केलेलं काम, पण टोपी दाबताना बोट दोनदा घसरलं. इंजिन चालू केलं. चारही सिलिंडर एका सुरात. कोणी वाहवा केली नाही.

"छोटीला घेऊन वर चालत जा सगळे," आबा म्हणाले. थोरल्यासमोर हात पसरून त्यांनी किल्ली घेतली. "तू बस," धाकट्याला म्हणाले. "दगड काढ आणि माझ्या शेजारी बस. मागं गेली तर तू पण जाशील."

धाकटा बसला. आबांनी काठी मागच्या सीटवर टाकली, क्लच दाबला, गिअर टाकला, आणि तसेच बसले. पाय थरथरत होता. खरोखर थरथरत होता. पँटचा कापडी काठ हलताना दिसत होता. दीड महिना सगळ्यांनी मिळून जे सांगितलं ते पायानं ऐकलं होतं. वायर बदलता येते. दुकानात मिळते, स्वस्तातली, महागातली, लांबी बघून. हे कुठल्या दुकानातून आणायचं? धाकट्याला म्हणावंसं वाटलं, सोडा आबा, हळूच सोडा. पण म्हणायचा अधिकार त्यानं घालवला होता. तो काचेतून समोर बघत राहिला. ट्रकवाला हॉर्नवरून हात काढायला तयार नव्हता.

आबांनी क्लच सोडला. गाडी अंगठाभर मागं ओघळली, मग पकडली आणि चढली. वर पोचल्यावर आबांनी ती कडेला घेतली, हँडब्रेक ओढला आणि कपाळ स्टिअरिंगला टेकवलं. मग थोरल्याला म्हणाले, "दवाखान्यापर्यंत तू ने. आईला उशीर होतोय." किल्ली मात्र परत आल्यावर त्यांनी स्वतःच्या खिशात घातली, आणि कोणाची मागायची हिंमत झाली नाही.

धाकट्याला वाटलं होतं, घरी गेल्यावर आबा बोलतील. शिव्या देतील. त्यानं त्याची तयारीच केली होती. पाठीवर दोन बसल्या असत्या तर तो त्या रात्री झोपला असता. आबा बोलले नाहीत. थोरला आठ दिवस बोलला, वहिनी अजून बोलते, "भाऊजी, आज कोणाच्या गाडीचं काय कोणाच्या गाडीला?" ते सोसतं. आबा त्याला पाणी दे म्हणतात, पेपर दे म्हणतात. बाकी काही नाही.

आता रोज सकाळी, रस्ता मोकळा असताना, आबा एकटेच गाडी काढतात. पुलाच्या चढावर मध्येच थांबवतात, पुन्हा उचलतात. वर जातात, वळसा घालून खाली येतात, पुन्हा थांबवतात. शिकाऊ माणसासारखं. धाकटा हे गॅरेजच्या दारातून बघतो, कारण चढाचा अर्धा भाग तिथून दिसतो. उरलेला अर्धा दिसत नाही, आणि गाडी त्या अर्ध्यात असते तोवर त्याच्या हातातला पाना हलत नाही.

एकदा तो न राहवून आबा निघायच्या आधीच जाऊन गाडीजवळ उभा राहिला. आबा फडकं मारत होते.

"आबा, मी येऊ बरोबर?"

आबांनी काच पुसून काढली, फडकं झटकलं. रागानं नाही, सरळ सांगावं तसं म्हणाले, "नको. तू शेजारी असलास की पाय थरथरतो."